उलट सिद्ध होईपर्यंत जुगारी

बारीक अक्षराला मी घाबरत नाही. औषधाच्या खोक्यात घडी घालून कोंबलेला तो पातळ कागद असतो ना, जो एकदा उलगडला की पुन्हा त्या घडीत कधीच बसत नाही, तो छापायला जाण्याआधी शब्द न् शब्द वाचणारी एक बाई असते. ती मी. 'क्वचित प्रसंगी चक्कर, पुरळ, अथवा दोन्ही' असली वाक्यं मी सलग आठ तास वाचू शकते आणि मला चक्करही येत नाही, पुरळही उठत नाही.

म्हणून त्या शुक्रवारी सकाळी सासऱ्यांनी विचारलं, "सूनबाई, फोनवर पैसे लावून पत्ते खेळणं आपल्या राज्यात कायदेशीर आहे का गं?" तेव्हा मी पाळण्याची दोरी ओढता ओढता सहज म्हणाले, "एवढंच ना बाबा? ही झोपलीय तोवर सांगते."

ही म्हणजे गुबी, माझी लेक. वय वर्षं पाऊण. ती दिवसातून दोनदा झोपते, चाळीस-चाळीस मिनिटं, आणि माझं सगळं आयुष्य सध्या त्या चाळीस मिनिटांत चालतं. हेही तिथेच लिहितेय. मध्येच वाक्य तुटलं तर समजून घ्या.

सोमवारी मला कामावर रुजू व्हायचं होतं. रजा दोनदा वाढवून झाली होती. तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा आमच्या मुख्य बाई गोड आवाजात म्हणाल्या होत्या, "हवी तेवढी विश्रांती घ्या हो, तुमच्या खुर्चीवर बसायला खूपजण तयार आहेत." नवरा दोन महिने परगावी. सासूबाईंच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालेलं, त्यांना खाली बसता येत नाही, आणि गुबीला खालीच राहायला आवडतं, त्यातही पलंगाखाली. तेव्हा नऊ ते सहा गुबीला सांभाळणार होते बाबा. त्यांनी महिनाभर सराव केला होता. दूध कोमट झालं का हे ते मनगटावर थेंब टाकून बघत, आणि सकाळी उठल्यावर तिला पहिली सलामी ठोकत. तिला ते 'साहेब' म्हणत.

त्या शुक्रवारी मात्र झोप लागेपर्यंत साहेब पाळण्यातून हात पसरत होत्या आणि बाबा हात मागे बांधून चार फुटांवर उभे होते. तेव्हाच मला शंका यायला हवी होती.

बाबा हवालदार म्हणून निवृत्त झाले. एकतीस वर्षांतली निम्मी त्यांनी पत्त्यांच्या अड्ड्यांवर धाडी घालण्यात काढली. नोकरी सुटली तरी सवय सुटली नाही. आमच्या घरी दूध नासलं तरी पंचनामा झाल्याशिवाय ओतून देता येत नाही.

झालं होतं असं, की बागेत फिरायला येणाऱ्या एका निवृत्त मास्तरांनी त्यांच्या फोनवर रमी घालून दिली. बाबांना वाटलं, विरंगुळा आहे, बुद्धिबळासारखा. आदल्या दिवशी घरी बसून दोन डाव हरले, तिसरा जिंकले. पडद्यावर रंगीत कागदांचा पाऊस पडला आणि खात्यात पैसे आले. किती? गुबीच्या डायपरचं सगळ्यात लहान पाकीट आलं असतं, एवढे. पण त्या पावसाखाली एक ओळ होती: 'हा खेळ काही राज्यांत उपलब्ध नाही.'

"आपलं राज्य त्या काहींत येतं," बाबांनी विचारलं, "की उरलेल्यांत?"

मी माझा फोन हातात घेतला. पहिल्या पानावर लिहिलं होतं, आपल्या राज्यात पूर्ण कायदेशीर. मी विजयी चेहऱ्याने बाबांकडे बघितलं. दुसऱ्या पानावर, पूर्ण बंदी. मी चेहरा परत घेतला. तिसऱ्या पानावर, बंदी होती पण ती उठली. चौथ्यावर, उठली होती पण परत बसली. पाचवं पान म्हणत होतं की बंदीला स्थगिती आहे, आणि सहाव्याप्रमाणे त्या स्थगितीलाच आव्हान दिलेलं आहे. सातवं पान सगळ्यात नीट लिहिलेलं होतं, मुद्दे, कोष्टक, सगळं. आणि तळाशी बारीक अक्षरात, 'ही माहिती चार वर्षांपूर्वीची आहे, कृपया स्वतः खात्री करून घ्यावी.'

"काय म्हणतात?" बाबांनी विचारलं.

"म्हणतात, खात्री करून घ्या."

"मग घे की."

मी अ‍ॅपच्या अटी उघडल्या. हे माझं माहेर. एकेचाळीस कलमं होती, मी बाह्या सरसावल्या. सतराव्या कलमात सापडलं: 'ज्या राज्यांत हा खेळ खेळण्यास मनाई आहे, त्या राज्यांतील व्यक्तींनी तो खेळू नये.'

"आणि मनाई कुठल्या राज्यांत आहे?"

मी पुढे वाचलं. "जिथे खेळू नये असं आहे तिथे."

सासूबाई स्वयंपाकघरातून बाबांना म्हणाल्या, "हे तर तुमच्या वडिलांसारखं झालं. जेवण कधी, तर भूक लागल्यावर. भूक कधी, तर जेवायच्या वेळी."

मी अ‍ॅपच्या मदत-क्रमांकावर फोन लावला. तिकडची मुलगी फार गोड बोलली. म्हणाली, "तुमची ओळख पटवण्यासाठी खातेधारकांच्या फोनवर सहा आकडी क्रमांक पाठवलाय, तेवढा सांगा."

"बाबा, तुमचा फोन द्या जरा."

"मिळणार नाही," बाबा म्हणाले. "जप्त केलाय."

फोन जेवणाच्या टेबलावर होता. गुबीच्या धुतलेल्या लंगोटात घट्ट गुंडाळलेला, वर सुतळी, गाठीवर मेणबत्तीचं मेण ओघळवलेलं आणि त्या मेणावर बाबांच्या जुन्या गणवेशाच्या बटणाचा ठसा. शेजारी कागदाची चिठ्ठी: 'मुद्देमाल क्रमांक १'. लंगोटावर छोटी छोटी बदकं होती. बदकं थरथरली. आत सहा आकडी क्रमांक आला होता.

"बाबा, एक मिनिट उघडूया."

"पंचांसमक्ष सील केलंय, पंचांसमक्षच उघडेल."

"पंच कोण?"

"कोपऱ्यावरचा चावीवाला आणि वरच्या मजल्यावरच्या शिवणकाम करणाऱ्या बाई. दोघांच्या सह्या आहेत."

मी धावत खाली गेले. चावीवाला कुणाच्या तरी बंद दाराला गेला होता. वर आले तोवर तिकडच्या मुलीने 'आपला दिवस आनंदात जावो' म्हणून फोन ठेवला होता आणि गुबी उठली होती. चाळीस मिनिटं संपली. मला एवढंच कळलं होतं, की मला काहीही कळलेलं नाही.

तिने बाबांकडे हात पसरले. बाबा दोन पावलं मागे सरले.

"घ्या ना तिला."

"कसा घेऊ?" ते खालच्या आवाजात म्हणाले. "एकतीस वर्षं ज्यांना आत टाकलं, त्यांच्यातलाच झालो की काय, हे कळल्याशिवाय लेकराला हात लावायचा? आरोपीच्या ताब्यात मूल देत नाहीत, सूनबाई. आणि सोमवारचं म्हणशील, तर तू आपली रजा वाढवून घे."

इथे मला मुख्य बाईंचा गोड आवाज आठवला. तोवर मला गंमत वाटत होती.

दुपारच्या झोपेत मी मुळालाच हात घातला. आपल्या राज्याचा जुगाराचा कायदा शोधून काढला. तो इतका जुना निघाला की त्यात फोन तर सोडाच, पंखासुद्धा नव्हता. त्यात अड्डा म्हणजे 'घर, खोली, तंबू, गाडी, होडी अथवा अन्य जागा'. मी खूश झाले. म्हटलं, "बाबा, फोन यात कुठेच नाही. फोन म्हणजे अड्डा नव्हे."

"फोन कुठे होता पण?"

"तुमच्या हातात."

"आणि मी?"

"बाहेरच्या खोलीत."

"खोली आहे की यादीत," बाबा म्हणाले. त्यांचा पोलिसी मेंदू आता वेग धरत होता. "घरही आहे. वाच पुढे."

वाचायला नको होतं. पण वाचायची सवय. मी वाचलं: 'अशा जागी आढळलेली प्रत्येक व्यक्ती, उलट सिद्ध होईपर्यंत, जुगारासाठीच तेथे हजर होती असे मानले जाईल.'

बाबांनी चष्मा लावला, रेघांची वही ओढली आणि लिहायला घेतलं. आरोपी क्रमांक एक, स्वतः.

"घर कुणाच्या नावावर आहे?" त्यांनी मान वर न करता विचारलं.

"माझ्या," सासूबाई अभिमानाने म्हणाल्या. "तुम्हीच केलंत, लग्नाच्या पंचविसाव्या वाढदिवसाला."

"आरोपी क्रमांक दोन. अड्डाचालक."

"कोण अड्डाचालक?" सासूबाई काठी टेकत दारात आल्या. "मी आत भाजी चिरत होते."

"अड्डाचालक आतच असतो. बाहेर बसतो तो राखण्या."

"अहो, तुमच्या डोक्यावर परिणाम झालाय का?"

"सरकारी कामात अडथळा," बाबा लिहिता लिहिता पुटपुटले. मग पाळण्याकडे बघून त्यांचं पेन थोडं अडखळलं. पण कर्तव्य म्हणजे कर्तव्य. "आरोपी क्रमांक तीन. वय नऊ महिने. व्यवसाय, निरंक. घटनेच्या वेळी सदर आरोपी जमिनीवर पालथी पडून स्वतःच्या पायाचा अंगठा तोंडात धरून असल्याचे आढळून आले."

"पालथं पडून पायाचा अंगठा तोंडात येत नाही," मी म्हणाले. चुका काढायची सवय.

"बरोबर." त्यांनी 'पालथी' खोडून 'उताणी' केलं. "तू कुठे होतीस?"

"मी आंघोळ करत होते, बाबा."

"घरातच ना?"

"दाराला आतून कडी होती."

त्यांनी 'आतून कडी' लिहून खाली रेघ मारली. "तुला साक्षीदार करतो. सगळेच आत गेलो तर बाहेरून डबा कोण आणणार?"

संध्याकाळी मी नवऱ्याला फोन केला. म्हटलं, तुझे आईवडील आणि मुलगी तिघंही आरोपी आहेत. तो आधी हसला, मग म्हणाला, "पण खरंच, कायदेशीर आहे की नाही?" मी फोन ठेवला.

शनिवारी मी माझ्या वकील मैत्रिणीला गाठलं. ती घाईत होती, पण तिने एका वाक्यात सांगितलं, आणि ते वाक्य मी फोन उंच धरून सगळ्यांना ऐकवलं. "कौशल्याचा खेळ असेल तर चालतो, नशिबाचा असेल तर जुगार."

"मग रमी कशात येते?" मी विचारलं.

"काही ठिकाणी यात, काही ठिकाणी त्यात."

"आपल्याकडे?"

"आपल्याकडे सुनावणी चालू आहे. तारीख पडली की कळवते." आणि ती गेली.

पण बाबांचा चेहरा एकदम उजळला. "म्हणजे मी कौशल्याने जिंकलो असेन, तर सुटलो."

मला वाटतं, मैत्रिणीच्या म्हणण्याचा अर्थ तसा नव्हता. खेळ कुठला ते महत्त्वाचं होतं, खेळणारा कोण ते नव्हे. पण बाबा दोन दिवसांत पहिल्यांदा हसले होते, आणि सोमवार परवावर आला होता. मी म्हणाले, "अगदी बरोबर, बाबा."

"पुरावा लागेल."

"खेळून दाखवा," सासूबाई म्हणाल्या. "बसा माझ्यासमोर."

घरात जुना पत्त्यांचा जोड होता. सासूबाईंनी तो असा पिसला की पत्ते पाखरांसारखे फडफडले. माझ्या लग्नाला चार वर्षं झाली, त्या बाईंच्या हातात ही कला आहे हे मला माहीतच नव्हतं.

"आई, हे कुठे शिकलात?"

"माहेरी. आम्ही सहा बहिणी, आणि भांडी कुणी घासायची हे रोज ठरवायचं असायचं. मी लग्न होईपर्यंत एकदाही घासली नाहीत."

बाबा पहिला डाव हरले. दुसरा हरले. तिसऱ्यात त्यांनी हवा तो पत्ता टाकून दिला आणि नको ते सांभाळून बसले. चौथ्यात सासूबाईंनी त्यांचे पत्ते न बघता सांगितले. "तुमच्याकडे बदामची राणी आहे, ती सोडा, तिचं काही जमायचं नाही."

"तुला कसं कळलं?"

"तुम्ही तिच्याकडे बघून भुवया उडवता."

अकरा डाव झाले. बाबा अकराही हरले. गुबी माझ्या मांडीवर बसून प्रत्येक डावाला टाळ्या वाजवत होती, तिला बिचारीला नुकत्याच वाजवता येऊ लागल्या होत्या. शेवटी बाबांनी पत्ते खाली ठेवले.

"पंधरा वर्षं मी पत्ते नुसते जप्त केले," ते म्हणाले. "हातात धरून कधी बघितलेच नाहीत."

"होतं हो असं," सासूबाई जरा मऊ होऊन म्हणाल्या.

"म्हणजे त्या दिवशी जिंकलो ते निव्वळ नशिबाने." त्यांनी वही ओढली. "गुन्हा सिद्ध."

आगीतून फुफाट्यात म्हणतात ते हेच. मी त्यांना सोडवायला निघाले होते आणि अकरा डावांचा पुरावा त्यांच्याच विरोधात गोळा करून बसले.

मग त्यांनी माझ्या फोनवरून त्यांच्या जुन्या पोलीस ठाण्याला फोन लावला. ठाण्यावरचा अंमलदार त्यांच्या हाताखाली शिकलेला निघाला. मी शेजारीच होते, मला दोन्ही बाजू ऐकू येत होत्या.

"साहेब, तुम्ही! बोला, कुणाविरुद्ध तक्रार आहे?"

"माझ्याविरुद्ध."

"बरं. कुणाची?"

"माझी."

तिकडे पेनचं टोपण लावल्याचा आवाज आला. "साहेब, पैसे कुठून आले?"

"फोनमधून."

"तो फोन कुठल्या राज्यातून बोलत होता? म्हणजे ती कंपनी कुठली, तिचं यंत्र कुठे आहे? ते दुसऱ्या राज्यात असेल तर तुम्ही जिंकलात तिकडे, फक्त आनंद इकडे झाला. मग हद्द आमची नाही."

"आनंद झाला तो गुन्हा नाही?"

"आनंदाला कलम नाही, साहेब. तुम्ही असं करा, सोमवारी या. सकाळी नऊला. मोठे साहेब असतील, दिवसभर बसून काय ते ठरवू."

सोमवारी. सकाळी नऊला. दिवसभर.

बाबांनी त्या संध्याकाळी गणवेशाच्या काळातले बूट काढून पॉलिश केले. गुबी रांगत रांगत त्यांच्या पायाशी गेली आणि बुटाची नाडी धरून उभी राहायचा प्रयत्न करू लागली. ती पडेल म्हणून त्यांचे दोन्ही हात झटकन पुढे आले, आणि तिला न शिवता तसेच हवेत थांबले. ती पडली नाही. पण ते हात मी पाहिले, आणि माझं ठरलं.

रविवारी दुपारच्या चाळीस मिनिटांत मी कागद तयार केला. भाषा मला येतेच. वर ठळक अक्षरांत 'अंतरिम जामीन आदेश'. खाली अटी. एक: आरोपीने सकाळी नऊ ते सायंकाळी सहा या वेळेत राहते घर सोडू नये, पोलीस ठाण्यातही जाऊ नये. दोन: आरोपी क्रमांक तीन हिच्यावर सदर आरोपीने सतत नजर ठेवावी, विशेषतः ती पलंगाखाली गेल्यास. तीन: दर तीन तासांनी दूध कोमट करून द्यावे. चार: उचलून घेण्यास हरकत नाही. खाली मी डॉक्टर लोक करतात तशी एक सही केली, जी कुणालाच वाचता येत नाही.

"मैत्रिणीने मिळवला," मी कागद पुढे करत म्हणाले.

बाबांनी चष्मा पुसला आणि वाचायला घेतलं. सावकाश वाचलं. मग कागद उजेडाकडे धरला.

"आज वार कोणता?"

"रविवार."

"सुट्टीच्या दिवशी न्यायाधीश बसले?"

मी सासूबाईंकडे बघितलं.

"जावक क्रमांक कुठाय? शिक्का कुठाय? आणि दूध कोमट करून द्यावं, हे न्यायालयाने लिहिलंय?"

"दयाळू असतील," सासूबाई म्हणाल्या. त्यांना मी आधीच फितवलं होतं.

बाबांनी कागद टेबलावर ठेवला. आता हे ओरडणार, मी मनाशी म्हटलं. पण त्यांच्या चेहऱ्यावर हळूहळू असं काही समाधान पसरत गेलं, जणू तीन दिवस धुक्यात भटकलेल्या माणसाला डांबरी रस्ता सापडावा.

"सूनबाई," ते म्हणाले, "हा गुन्हा आहे. न्यायालयाचा बनावट आदेश. यात कौशल्य नाही, नशीब नाही, स्थगिती नाही, यंत्र कुठल्या राज्यात ही भानगड नाही. कुठेही कर, आत. याला म्हणतात गुन्हा!"

"चुकलं, बाबा."

"चुकलं तर आहेच. पेन आण."

मी पेन दिलं. त्यांनी माझ्या कागदावर दोन ठिकाणी शुद्धलेखन सुधारलं (मला अजून त्याची लाज वाटते), तिसऱ्या अटीत 'मनगटावर थेंब टाकून पाहावा' हे वाढवलं, आणि खाली लिहिलं, 'अटी मान्य'. सही केली.

"पण तो खोटा आहे ना?" मी विचारलं. मला आता काहीच समजत नव्हतं.

"हे मला कुठे माहीत आहे? म्हातारा माणूस, डोळे कमी दिसतात. सही खरी वाटली, असं सांगेन." आणि त्यांनी वाकून गुबीला उचललं. तीन दिवसांची सलामी एकदम ठोकली. तिने त्यांचा चष्मा ओढला.

मग एका हाताने तिला सांभाळत त्यांनी दुसऱ्या हाताने वही उघडली. साक्षीदाराच्या रकान्यातून माझं नाव खोडलं आणि आरोपी क्रमांक चार म्हणून लिहिलं.

"मला अटक कधी होणार, बाबा?"

"उद्या सकाळी नऊ वाजता," ते म्हणाले. "पावणेनऊला तू घरातून निघून गेलेली असशील, तर माझा इलाज नाही. मला तर घर सोडायची परवानगी नाही."

फोनवरचे पत्ते आपल्या राज्यात चालतात की नाहीत, हे मला विचारू नका. मैत्रिणीची तारीख पुन्हा पुढे गेली आहे. मी मात्र रोज पावणेनऊला घरातून फरार होते, दिवसभर औषधांचे कागद वाचते आणि सहाला स्वतःहून हजर होते. बाबा दारातच उभे असतात.

"आलीस? दोन्ही हात पुढे कर," ते म्हणतात.

मी मुकाट्याने करते. बेड्या घालायच्या त्या हातांत ते गुबीला ठेवतात. बहुतेक वेळा ती ओली असते.